साडेसातची डाळ

॥ ॐ नमः शिवाय ॥

जळकोट,
ता. १३ ऑक्टोबर २०२४

चि. वर्षाराणीस,

गुरम्माअव्वाचे डोईवर हात ठेवून आशीर्वाद. वि. वि. इकडं आम्ही खुशाल हाओत. तू बी खुशाल असशील. नसलीस तर तसं कळव, पण खरं कळव.

फोन असताना पत्र कामून, असं तू म्हणशील. फोनवर मला तुझं अर्धंच ऐकू येतं. राहिलेलं अर्धं तुझी आई उंबऱ्यात उभी राहून ऐकती, पण मला सांगत न्हाई. कागदाचं बरं असतं. मला लिहिता येत न्हाई, तवा कुणाला तरी माझ्याजवळ बसावंच लागतं. आता कोण बसलंय ते अक्षरावरून ओळख. तिला म्हटलं, शिवकांता, खाली तुझं बी नाव टाक. तर म्हणाली, तुम्ही सांगा, मी लिहिते, बाकी माझा संबंध न्हाई. सून हाय. सासूनं सांगितलेलं काम टाळता येत न्हाई. ह्या वयात मला सासूपणाचा एवढा तरी फायदा पायजे.

काल दसरा झाला. सोनं द्यायला जो आला तो तुझी चौकशी करून गेला. श्रावणात तू टीव्हीत मेलीस तवापासून हेच चालू हाय. ईश्वरप्पा तर तुझ्या बापाच्या दुकानात येऊन टोपी काढून बसला, अन् कसं झालं म्हणून विचारू लागला. तुझा बाप म्हणाला, पोरगी ठणठणीत हाय, मेली ती मालिकेतली सून. ईश्वरप्पा म्हणाला, हाव, ते ठाऊक हाय, तरी बी आलो. चहा पिऊन गेला. मेल्याची खबर उठली की आयुष्य वाढतं म्हणतात, तवा तू आता शंभरी गाठतीस. पण एक सांगते. तू मेलीस ते मेलीस, त्यांनी तुला जाळली. आपल्यात बसवून समाधी देतात. मरायच्या आधी निदान घरी विचारायचं होतंस.

हे सांगितल्यावर तुझ्या आईनं पेन खाली ठेवला. मी खोकल्यासारखं केलं, मग उचलला.

खरं दुखणं जळण्याचं न्हाई, फोटोचं हाय. आपल्या टीव्हीच्या वर भिंतीला तुझा जो फोटो होता, तोच त्यांनी मालिकेत हार घालून दाखवला. वर बिनहाराची तू, खाली हाराची तू. तुझी आई मधी उभी. आपल्या भिंतीवर बाकी समदे गेलेले हायेत, तू एकटीच जिती होतीस. तिनं तुझा फोटो उतरवला, पेटीत घातला, अन् तुला फोन करून म्हणाली, चांगलं काम सोडून असले धंदे करत असशील तर मला तोंड दाखवू नको. तू बी तिच्याच पोटची. दाखवलं न्हाईस. मुंबई सोडून नांदेड जिल्ह्यात आलीस, सिनेमाच्या कामाला इस्लापूरला उतरलीस, अन् जळकोटचा रस्ता तेवढा विसरलीस.

आता मला सांग. पडद्यावर होतीस तवा निदान कळत होतं की तू रडून राहिली. पडद्याच्या मागं जाऊन तू नेमकं काय करतीस? दिवे उचलतीस का? ह्या घरातल्या एका बाईला ते विचारायचंय, पण ती विचारणार न्हाई, म्हणून मी विचारते.

ती मी सांगते तेच लिहिती का न्हाई, देव जाणे. मी ओळीच्या लांबीवरून ओळखते. मी लई बोलले अन् ओळ आखूड आली की समजायचं, गाळलं.

लोभ हाय तेवढाच ठेव. कमी झाला तर मला इथं बसून कळतं.

तुझी,
अव्वा
(सहीच्या जागी अंगठा. शाई न्हाई, काजळ हाय.)

---

मु. इस्लापूर,
ता. २१ ऑक्टोबर २०२४

ती. अव्वा हिच्या पायांवर वर्षाराणीचा शि. सा. नमस्कार. वि. वि.

तुझं पत्र इथल्या पोस्टमनने हातात दिलं तेव्हा अक्षर पाहूनच मी पायरीवर बसले. आधी नुसतं अक्षर वाचलं, मजकूर नंतर.

दिवे मी उचलत नाही. उचलायला निघाले तर उचलणारे ओरडतात. माझं काम ऐक. सिनेमात एकच प्रसंग तुकड्यातुकड्याने घेतात, कधी सकाळी अर्धा, परवा दुपारी उरलेला. बघणाऱ्याला मात्र तो सलग वाटला पाहिजे. म्हणून एक माणूस सतत बघत असतो. हिच्या हातात मघाशी बांगड्या किती होत्या, पदर कोणत्या खांद्यावर होता, पेल्यात पाणी कुठवर होतं, दार उघडताना हात उजवा होता की डावा. त्याला कंटिन्युइटी म्हणतात. तो बघणारा माणूस मी. दिवसभर कॅमेऱ्याशेजारी एका स्टुलावर बसते आणि लोकांच्या बांगड्या बघते.

आता फोटोचं. अव्वा, तो फोटो मीच दिला. मालिका सोडते म्हटल्यावर त्यांनी माझ्या पात्राला मारायचं ठरवलं, आणि भिंतीवर लावायला एक फोटो मागितला. माझ्याकडे मेकअपमधलेच फोटो ढीगभर होते. मला वाटलं, निदान शेवटचा तरी खरा हसलेला चेहरा जावा. मोबाईलमध्ये घरच्या भिंतीवरचा फोटो होता, तो पाठवला. पडद्यामागचं माझं पहिलं काम हे असं झालं, माझाच फोटो निवडायचं. समोरून तो कुणाला दिसेल, कोण कुठे उभं राहून बघेल, हा विचारच केला नाही. इथे आल्यापासून दिवसभर तोच विचार करायचं काम आहे. उशिरा शिकले.

आणि काम सोडलं ते का, हे फोनवर मला कुणी विचारलं नाही, नुसतं रागावलं. मालिकेत रडायचे तेव्हा मान उजेडाकडे, अश्रू कॅमेऱ्याच्या बाजूच्या डोळ्यातून. दिव्यांनी डोळे दिपलेले असायचे, समोरचं काही दिसायचं नाही. एक दिवस माझं काम नव्हतं म्हणून मॉनिटरमागे जाऊन उभी राहिले. सासूचं काम करणाऱ्या बाई, तालीमच चाललीय समजून, पदराने चष्मा पुसत होत्या. त्या पुसण्यात इतकं काही होतं, अव्वा. मग कॅमेरा सुरू झाला, त्यांनी अभिनय सुरू केला आणि ते गेलं. ते जाऊ न देणं हे कुणाचं तरी काम असतं. मला ते काम हवं होतं. तिथे पैसा आणि नाव कमी आहे हे ठाऊक असूनही हवं होतं.

दिवाळीला मी येत नाही. तोंड दाखवू नको असं ज्यांनी सांगितलं त्यांनी तो हुकूम मागे घेतलेला नाही. पत्र वाचून दाखवणाऱ्या बाईंनी इथे आवाज खाली करू नये, अव्वाला ऐकू येत नाही.

लोभ मागायची गरज नाही, तो न मागता मिळालेला आहे. राग तेवढा कुणीतरी परत घ्यावा.

तुझी,
वर्षा

---

जळकोट,
ता. २८ ऑक्टोबर २०२४

चि. वर्षाराणीस, अव्वाचे आशीर्वाद. वि. वि.

तुझं पत्र मला दोनदा वाचून दाखवलं. दुसऱ्यांदा मी सांगितलं न्हाई, तरी वाचलं. ‘आवाज खाली करू नये’ तिथं आवाज खाली गेला.

दुसऱ्याच्या बांगड्या बघायच्या, पदर बघायचा, पेल्यात पाणी कुठवर हाय ते बघायचं. अगं, हे तर सासूचं काम. त्याच्यासाठी मुंबईला कामून जायचं? मी जन्मभर केलं, अन् मला कुणी स्टूल बी दिलं न्हाई. तुझ्या आईला विचार, नवी नवरी म्हणून आली तवा दुधाच्या पातेल्यावर माझी नजर कशी असायची. ती आत्ता लिहिता लिहिता हसली. हसली न्हाई असं लिहील, तर त्याच्यावर विश्वास ठेवू नको.

पण मला नवल वाटलं न्हाई. लहानपणी चिंचेखाली पोरी लग्न लावायच्या, तवा तू एकदा बी नवरी झाली न्हाईस. नवरीला म्हणायचीस इकडं बस, नवरदेवाला म्हणायचीस तिकडं तोंड कर, वऱ्हाडाला म्हणायचीस आता रडा. एकदा मलाच रडायला लावलंस अन् म्हणालीस, अव्वा, असं न्हाई, खरं रड. तवाच ओळखायला पायजे होतं. आम्ही तुझं तोंड गोरं बघून फसलो.

फोटोचं तू लिहिलंस ते तिनं वाचलं. भिंतीवर खिळा तसाच हाय. मी म्हटलं, खिळा काढ न्हाईतर फोटो लाव, रिकामा खिळा बघून मला कुणी अर्धपोटी पानावरून उठल्यासारखं वाटतं. तो फोटो उदगीरच्या स्टुडिओत काढलेला, तुझ्या अंगावर माझी नारायणपेठी साडी होती, किती ग्वाड दिसत होतीस.

(फोटो उदगीरचा नाही, लातूरचा आहे. साडी माझी होती, अव्वांची नव्हे. चूक राहू नये म्हणून लिहिले. — लेखनिक)

माझी अव्वा म्हणायची, जित्या माणसाच्या फोटोला हार पडला तर त्या माणसाच्या गालाला काजळाची तीट लावायची, म्हंजे अशुभ टळतं. आईनं लावायची, दुसऱ्यानं न्हाई. तुझ्या आईला सांगितलं तर म्हणाली, गाल इस्लापुरात हाय, मी इथून कशी लावू? मी म्हटलं, ते मला विचारू नको. मी अडाणी बाई.

शेंगापोळ्या अन् चिवडा पार्सलनं धाडलाय. चिवडा तुझ्या आईनं केला, म्हणून तिखट हाय. मी केलेला गोड असतो हे तुला ठाऊकच हाय.

लोभात घट नको, दिवाळीच्या दिवसात अजिबात नको.

तुझी,
अव्वा
(अंगठा)

---

मु. इस्लापूर,
ता. १० नोव्हेंबर २०२४

ती. अव्वास सा. नमस्कार. वि. वि. लेखनिकबाईंनाही वेगळा नमस्कार. साडी कुणाची होती ही दुरुस्ती मिळाली, ती मी कायमची नोंदवून घेतली. आपला दोन ओळींचा मजकूर मी इतक्या वेळा वाचला की माझ्या खोलीच्या मालकीणबाईंनी विचारलं, कुणाचं लग्न ठरलं का?

चिवडा तिखट होता. डोळ्यांत पाणी आलं ते त्यामुळेच.

अव्वा, एक गोष्ट झालीय आणि मी घाबरले आहे. आमचे दिग्दर्शक आदिनाथ सर सहस्रकुंडाच्या धबधब्यावरच्या प्रसंगात अडकले आहेत. पाणी हवं तसं पडत नाही, ऊन हवं तसं येत नाही. म्हणून घरातला एक छोटा प्रसंग त्यांनी माझ्यावर सोपवला. मी बघायचा नाही, मीच करायचा. कॅमेरा कुठे ठेवायचा, बाई कुठे बसेल, कधी उठेल, सगळं मी सांगायचं. जमला तर पुढच्या सिनेमात सर मला सहदिग्दर्शक म्हणून घेतील. नाही जमला तर प्रसंगच कापून टाकतील. त्याच्याशिवाय गोष्ट अडत नाही, असं ते म्हणाले. मला वाटतं, त्याच्याशिवाय गोष्टच नाही.

प्रसंग एवढाच आहे. एका बाईची मुलगी घर सोडून गेली आहे. संध्याकाळची वेळ. बाई घरात एकटी आहे. संवाद नाही. कागदावर फक्त लिहिलंय, ‘आई वाट बघते.’ वाट बघते म्हणजे काय करते, ते कुणीच लिहिलेलं नाही. मुंबईची सगळी माणसं म्हणतात, खिडकीत उभी करा. आपल्याकडे वाट बघायला खिडकीत कोण उभं राहतं?

म्हणून तुला विचारते. मालिकेची वेळ साडेसातची होती. आता साडेसातला आपल्या घरात काय होतं? मला बरं वाटावं म्हणून सांगू नको, जे होतं ते सांग. आणि लेखनिकबाईंना हात जोडून विनंती, की ओळ आखूड करू नये.

लोभ असाच राहिला तर मला भीती कमी वाटेल.

तुझी,
वर्षा

---

जळकोट,
ता. १८ नोव्हेंबर २०२४

चि. वर्षाराणीस, अव्वाचे आशीर्वाद. वि. वि.

हे पत्र लिहायला तुझी आई बसत नव्हती. म्हणाली, तुम्ही माझंच मलाच लिहायला लावताय. मी म्हटलं, मग ईश्वरप्पाला बोलावते, त्याला सांगते, तो लिहील, अन् चहा पिऊन गावभर सांगत जाईल. बसली.

आधी तू टीव्हीत होतीस तवाचं सांगते. साडेसातच्या आत तिच्या भाकरी उरकायच्या. मग तोंड धुवायची, केस सारखे करायची, पदर नीट घ्यायची. कुणी पाव्हणं येणार असल्यासारखी. पदरानं टीव्हीची काच पुसायची, अन् पलंगावर बसायची.

(पलंगावर नाही. खाली, मधल्या उंबऱ्याला टेकून. — लेखनिक)

हां, उंबऱ्याला टेकून. मालिकेत काय चाललंय ते तिला कधीच सांगता आलं न्हाई. ती गोष्ट बघतच नव्हती. तू वाळलीस का, डोळ्याखाली काळं आलंय का, खोकलीस का, एवढंच बघायची. तू रडायला लागलीस की म्हणायची, पुरे गं, डोकं दुखंल. एकदा तुझ्या नवऱ्यानं, म्हंजे त्या टीव्हीतल्या, तुला हाताला धरून ओढलं, तर ती उठून स्वयंपाकघरात गेली अन् भाताचं झाकण आपटून परत आली. जाहिराती लागल्या की मला म्हणायची, आज हिरव्या साडीत बरी दिसती. अन् संपलं की टीव्ही बंद. दुसरं काही बघायची न्हाई.

आता साडेसातला टीव्ही लावत न्हाई. पण भाकरी उरकती, तोंड धुती, काच पुसती, अन् त्याच जागेला बसती. समोर सूप घेती अन् तुरीची डाळ निवडती. निवडलेली डाळ हाय ती. दुकानातून निवडून आलेली. मी विचारलं, शिवकांता, काय शोधून राहिली? म्हणाली, खडा. अगं, त्या डाळीत खडा असता तर श्रावणापासून आतापावेतो सापडला नसता का? डाळीकडं बघत बी न्हाई. हात सुपात फिरतोय, नजर काचेवर.

(बंद टीव्हीच्या काचेत आपणच दिसतो. दुसरं कुणी दिसत नाही. म्हणून बघते, एवढंच. डाळ हाताला कळते, तिच्याकडे बघावे लागत नाही. रडत वगैरे नाही. अव्वा सांगतील तर खोटे समजावे. — लेखनिक)

मी रडती असं सांगितलंच नव्हतं. तिनं आपणहून लिहिलं. आता ओळ लांब आलेली मला दिसून राहिली, अन् मी तर काही बोलले बी नव्हते.

ही एवढीच आमच्या घरची संध्याकाळ. तुझ्या सिनेमाच्या कामाची असली तर घे. पण त्या बाईला खिडकीत उभी करू नको. आपल्याकडं संध्याकाळी खिडकीत उभं राहिलं तर डास येतात.

लोभ वाढव असं म्हणत न्हाई. हाय तो एका घरात मावत न्हाई.

तुझी,
अव्वा
(अंगठा)

---

मु. इस्लापूर,
ता. २७ नोव्हेंबर २०२४

ती. अव्वास सा. नमस्कार. लेखनिकबाईंस सा. नमस्कार. वि. वि.

पत्र वाचून झालं. मग आदिनाथ सरांना जाऊन म्हटलं, खिडकी नको, सूप हवं. कशाला ते त्यांनी विचारलं नाही. सूप आलं.

आता कॅमेरा कुठे ठेवायचा ते सांगते, कारण हे तुम्हा दोघींना सोडून मला कुणालाच सांगायचं नव्हतं. मी कॅमेरा टीव्हीच्या जागी ठेवणार आहे. बाई बंद टीव्हीकडे बघते, आणि आपण टीव्हीच्या जागेवरून बाईला बघतो. मी इतकी वर्षं रोज साडेसातला आपल्या घरात यायचे. तुम्ही मला बघायचा. मला तुम्ही दिसत नव्हता. तोंड धुऊन, पदर सारखा करून कुणी माझ्यासमोर बसतं, हे मला ठाऊकच नव्हतं. ठाऊक असतं तर मी कॅमेऱ्यात बघून एकदा तरी हसले असते, मग मालिकेचं काहीही होवो.

पण अडचण अशी आहे की काम करणाऱ्या बाई फार चांगल्या नटी आहेत. पुण्याच्या आहेत, स्वभावाने गरीब आहेत. सूप हातात दिलं की त्या डाळ अशी निवडतात जशी कुणी मोगरा गुंफतं. आणि दोन मिनिटांत रडतात. मी म्हटलं, ताई, रडायचं नाही. तर त्या ओठ दाबून न रडण्याचा अभिनय करतात, ते रडण्यापेक्षा जास्त दिसतं. हात कसा हवा हे मी करून दाखवलं, पण माझाही हात खोटा आहे. मी घरात डाळ कधी निवडली? मी तर टीव्हीत होते.

प्रसंग येत्या शनिवारी नाही, त्याच्या पुढच्या शनिवारी घ्यायचा आहे. त्याच्या आत लेखनिकबाईंनी कृपा करून कळवावं, की नजर काचेवर असताना हात कसा फिरतो, आणि न रडणं म्हणजे नेमकं काय करतात. हे कुणाला विचारावं असं दुसरं माणूस मला ठाऊक नाही.

हुकूम अजून लागू आहे का, तेही कळवावं. नाही कळवलं तरी मी पत्र लिहीतच राहीन.

लोभ दोघींनी वाटून घ्यावा, भांडू नये.

तुमची,
वर्षा

---

जळकोट,
ता. ३ डिसेंबर २०२४

चि. वर्षाराणीस, अव्वाचे आशीर्वाद. वि. वि.

अक्षर बदललेलं बघून घाबरू नको. मी धडधाकट हाय. तुझा बाप लिहून राहिला. त्याला दुकानात पोत्यांवर नावं टाकायची सवय, म्हणून अक्षर एवढं मोठं. एका पानावर चार गोष्टी बसल्या तर नशीब.

हे पत्र पोस्टानं आलं न्हाई. ज्या बाईनं तुझ्या हातात दिलं, ती बाई ह्यातला एक शब्द वाचून आलेली न्हाई. इतकी पत्रं झाली, पण तिच्या हाताखालून न गेलेलं हे पहिलंच. म्हणून आज मला मोकळं बोलता येतं.

तुझं पत्र वाचून दाखवताना ‘टीव्हीच्या जागी’ तिथं आल्यावर ती थांबली. पुढचं मला तिनं वाचून दाखवलंच न्हाई. उठून स्वयंपाकघरात गेली. झाकण काही आपटलं न्हाई. संध्याकाळी तुझ्या बापाकडून मी राहिलेलं वाचून घेतलं. दुसऱ्या दिवशी सकाळी म्हणाली, अव्वा, डाळ निवडायचं तोंडानं सांगून कळत न्हाई, दाखवावं लागतं. मी म्हटलं, हाव. म्हणाली, त्या पुण्याच्या बाईला कुणी दाखवणार? मी म्हटलं, न्हाई. म्हणाली, मी काही वर्षाकडं चालले न्हाई, त्या बाईला डाळ शिकवायला चालले. मी म्हटलं, बरोबर हाय.

मी हसले न्हाई बघ. जन्मात पहिल्यांदा तोंडावर ताबा ठेवला. इस्लापुरात काय डाळ निवडणाऱ्या बाया न्हाईत? गल्लीत एक हाक मारली असतीस तर दहा जणी सूप घेऊन आल्या असत्या. जळकोटहून नांदेड, नांदेडहून आदिलाबादच्या गाडीनं इस्लापूर, एवढं कुणी डाळीसाठी जात न्हाई. पण हे तिला म्हणू नको. म्हणालीस तर ती खरंच डाळ शिकवून दुसऱ्या गाडीनं परत येईल.

सूप घरचंच घेतलंय, बसमधी मांडीवर धरून नेईन म्हणाली. डाळ बी घरचीच, ती तीच, खडा न सापडलेली. फोटो पेटीतून काढला, काच पुसली, अन् बांधाबांध करता करता खिळ्याला लावला. वाकडा लावलाय. तुझा बाप सरळ करायला गेला, मी नको म्हटलं.

आता तू एक कर. मी तिला लिहायला बसवत होते ते काही मला पत्राची हौस हाय म्हणून न्हाई. मला तुझ्या खुशालीसाठी फोनवरचा अर्धा आवाज पुरतो. तिला मात्र तुझं तोंड रोज बघायची सवय लागली होती, अन् तू एका दिवसात ती मोडलीस. रागाच्या भरात तोंड दाखवू नको म्हणून गेली, अन् मग तिचीच संध्याकाळ जाईना. हे ती तुला सांगणार न्हाई. मला बी कधी सांगितलं न्हाई. मी सुपाकडं बघून ओळखलं.

तवा तिला बोलायला लावू नको. माफी मागू नको, मागायला बी लावू नको. हुकूम परत घेतला का, ते तर अजिबात विचारू नको. तू कॅमेऱ्याच्या मागं असतीस म्हणतीस ना? मग तुझ्या मागं एक स्टूल टाक अन् तिला त्याच्यावर बसव. बाईला हात दाखवून झाला की ती तिथंच बसंल. पाठमोरी का होईना, तू तिला दिवसभर दिसशील. चार दिस बसू दे. तू वाळलीस का, खोकलीस का, तेवढं बघू दे. तू आपलं काम कर, वळून बघू नको.

मधी एकदा वळलीस तरी चालंल.

बाकी काय सांगू? ती निघाली की इथं घरात मी अन् तुझा बाप दोघंच. साडेसातला दोघं बी टीव्हीकडं बघत बसू. काय लावावं ते दोघांना बी कळायचं न्हाई.

लोभ तिच्या पिशवीत घालून धाडलाय, डाळीच्या खाली बघ.

तुझी,
अव्वा

(अव्वाचा अंगठा विभूतीचा आहे, नीट उठला नाही. काजळाची डबी शिवकांताने सोबत न्यायला पिशवीत भरली आहे. — मन्मथ)